फिट्झ-जॉन पोर्टर : कलंक पुसायला २३ वर्षं

अमेरिकी यादवी युद्ध ऐन भरात असताना, २१ जानेवारी १८६३ रोजी मेजर जनरल फिट्झ-जॉन पोर्टर बडतर्फ झाले. बुल रनच्या दुसऱ्या लढाईत त्यांनी जनरल जॉन पोप यांचा हुकूम मोडला, असा लष्करी न्यायालयाचा ठपका होता.

तो हुकूम मुळातून पाहायला हवा. २९ ऑगस्ट १८६२ रोजी दुपारी साडेचारला पोप यांनी लिहिलं : शत्रूच्या उजव्या बगलेवर ताबडतोब हल्ला करा. चिठ्ठी पोर्टर यांच्या हाती पडली तेव्हा दिवस मावळत होता. शिवाय शत्रूच्या जनरल लाँगस्ट्रीटचं मोठं दळ दुपारच्या आधीच समोर येऊन ठाकलं होतं. पोप यांना त्याचा पत्ताच नव्हता. हल्ला झाला असता तर पोर्टर यांच्या सैनिकांचा हकनाक बळी गेला असता.

पोर्टर वर्षानुवर्षं फेरतपासणी मागत राहिले. अखेर १८७८ मध्ये जनरल स्कोफिल्ड यांचं चौकशी मंडळ बसलं. लाँगस्ट्रीट यांच्यासारख्या एकेकाळच्या शत्रूंनी साक्षी दिल्या. पोर्टर यांच्या वागण्यामुळे सैन्य वाचलं, असा निष्कर्ष १८७९ मध्ये आला. राष्ट्राध्यक्ष असताना दाद न देणाऱ्या ग्रँट यांनी पुढे पुरावे वाचून मत बदललं आणि १८८२ मध्ये जाहीर लेख लिहून पोर्टर यांची बाजू मांडली. हा मोठेपणा दुर्मीळच.

तरीही पोर्टर यांना लष्करात परत घेण्याचं १८८४ चं विधेयक राष्ट्राध्यक्ष आर्थर यांनी नाकारलं. १८८६ मध्ये राष्ट्राध्यक्ष क्लीव्हलँड यांनी अशाच विधेयकावर सही केली. पोर्टर यांना कर्नलचा हुद्दा परत मिळाला, थकलेला पगार मात्र मिळाला नाही.