चौकातला क्रॉस, शिवेवरचं गाढव

इंग्लंडच्या जुन्या बाजारपेठांत भर चौकात दगडी क्रॉस असे. इथे बाजार भरवायची परवानगी आहे, ही त्याची खूण. काहींना पुढे छत आलं. चिचेस्टरचा अष्टकोनी क्रॉस १५०१ सालचा. बिशप एडवर्ड स्टोरी यांनी तो बांधला तो गरीब विक्रेत्यांना फुकट बसायला जागा मिळावी म्हणून. आपल्या मंडईत आजही हे जमलेलं नाही!

आपल्याकडे, रायगड जिल्ह्यातली खांदा कॉलनी तर सिडकोच्या आखणीतली. तिथे असा दगड शोधू नये. पण याच जिल्ह्यात, अलिबागजवळ आक्षीला, राजाज्ञेचा दगड आहे. त्याचा बाजाराशी संबंध नाही, दानाशी आहे. शिलाहार राजा केशिदेवाच्या काळचा हा मराठी लेख अनेक अभ्यासक शके ९३४, म्हणजे इ.स. १०१२ चा मानतात. तसं असेल तर तो मराठीतल्या सर्वांत जुन्या शिलालेखांपैकी एक ठरतो. वर्षानुवर्षं तो रस्त्याकडेला उघड्यावरच होता.

अशा दगडांना गद्धेगाळ म्हणतात. वर चंद्र-सूर्य: ते आहेत तोवर दान अबाधित. मधे मजकूर. खाली गाढव आणि स्त्री यांचं संभोगशिल्प, म्हणजे दान मोडणाऱ्याला त्याच्या आईवरून दिलेली शिवी. अक्षरओळख नसलेल्यालाही ती कळे. बदनामी मात्र दान मोडणाऱ्याची नव्हे, त्याच्या आईची. परळला सापडलेल्या, शिलाहार राजा अपरादित्याच्या इ.स. ११८७ च्या लेखात तर हीच शिवी शब्दांत कोरली आहे, तीही रोखठोक मराठीत.