चिखल, टाळी आणि झील

तेरणेच्या काठचं तेर म्हणजे प्राचीन तगर. इसवी सनाच्या पहिल्या शतकातल्या ‘पेरिप्लस’ या ग्रीक व्यापारी वृत्तांतात त्याचं नाव येतं, आणि गावातल्या रामलिंगप्पा लामतुरे वस्तुसंग्रहालयात तिथल्या मातीच्या आणि हस्तिदंताच्या मूर्ती पाहायला मिळतात. वारकऱ्याला मात्र तेर माहीत असतं ते गोरोबाकाकांचं गाव म्हणून. त्यांच्या कथेच्या मुळाशी असलेली, उच्चाराने वस्तू बदलते, काळ थांबतो किंवा मागे फिरतो, ही कल्पना जगात सगळीकडे सापडते. धाराशिव जिल्ह्यात तिची दोन मोठी ठाणी आहेत, तेर आणि तुळजापूर.

तेरची कथा आपण लहानपणापासून ऐकतो, म्हणून तिची दाहकता जाणवेनाशी झाली आहे. गोरोबा कुंभारांची बायको संती पाण्याला जाते, लेकरावर लक्ष ठेवायला सांगते. गोरोबा विठ्ठलनामात चिखल तुडवत असतात. मूल रांगत येतं आणि मातीत मिसळून जातं. नाम इथे पदार्थावर चालतं, पण भलत्याच रीतीने. पायाखाली माती आणि मांस यांतला भेद उरत नाही. संतीचा आक्रोश, तिला न शिवण्याची शपथ, ती मोडली म्हणून गोरोबांनी तोडलेले स्वतःचे हात, इतकं सगळं सोसल्यावर कथा आषाढीला पंढरपुरात पोचते. नामदेवांचं कीर्तन रंगात येतं, सगळे हात वर करून टाळी वाजवतात, गोरोबांच्या थोट्या बाहूंना हात फुटतात. संती पांडुरंगाला हाक मारते आणि मूल रांगत तिच्याकडे येतं.

१७६२ साली महिपतींनी ‘भक्तविजय’ हा संतचरित्रांचा ग्रंथ पूर्ण केला आणि ही कथा घराघरांत पोचली. तिच्यातली एक गोष्ट मला फार मोलाची वाटते. एकट्या माणसाच्या तल्लीनतेने मूल गेलं. परत आलं ते शेकडोंच्या टाळीत. तेच नाम, तोच विठ्ठल, पण आता शेजारी ऐकणारे होते आणि संतीच्या हाकेला जागा होती. चमत्कार घडला तोही गोरोबांच्या तोंडच्या नामाने नव्हे, नामदेवांच्या कीर्तनात. आपल्या संतपरंपरेने एकांतातल्या सिद्धीवर ठेवलेला हा सर्वांत कठोर आक्षेप आहे असं मी मानते.

त्याच गोरोबांनी संतांच्या मेळ्यात थापटणं हाती घेऊन एकेकाचं डोकं ठोकून पाहिलं आणि नामदेवांना कच्चं मडकं ठरवलं. मडकं भाजलंय की नाही हे कुंभार आजही वाजवून ओळखतो. ध्वनी आणि माती यांचं नातं या माणसांच्या रोजच्या कामातलं होतं.

तुळजापुरात खेळ काळाचा आहे. तुळजाभवानीची मूर्ती चल आहे. वर्षातून तीनदा ती सिंहासनावरून हलवून पलंगावर निजवतात. भाद्रपद वद्य अष्टमीपासून घटस्थापनेपर्यंत घोरनिद्रा, दसऱ्याच्या सीमोल्लंघनानंतर आश्विन पौर्णिमेपर्यंत श्रमनिद्रा, आणि पौषात शाकंभरी नवरात्राच्या आधी तिसरी. देवी निजली की गावाचा दिनक्रम बदलतो, उठली की संबळ कडाडतो आणि ‘उदो उदो’चा गजर होतो.

गोंधळात हाच काळ घराच्या अंगणात येतो. चौकावर घट मांडतात, दिवटी पेटते, संबळ आणि तुणतुणं लागतं. गोंधळी गावोगावच्या देवतांना नाव घेऊन बोलावतो. ज्याचं नाव घेतलं तो आला, असं धरून पुढचं सगळं चालतं. मग आख्यान. नायक, म्हणजे मुख्य गोंधळी, एका ओळीत बारा वर्षांचा वनवास संपवतो आणि एका क्षणाच्या वर्णनात घटकाभर रेंगाळतो. झीलकरी त्याचा शब्द उचलून परत देतो. त्याच्यावाचून आख्यान पुढे सरकत नाही. परभणीच्या राजारामभाऊ कदमांनी ही कला रंगमंचावर नेली, रा. चिं. ढेरे यांनी तुळजाभवानीच्या उपासनेचा अभ्यास मांडला.

शरीराचा काळ मात्र खरोखर बदलतो. २००१ साली ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये लुचियानो बर्नार्डी आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की जपमाळेची लॅटिन प्रार्थना किंवा ‘ॐ मणि पद्मे ॐ’ म्हणताना श्वास मिनिटाला सुमारे ६ वर येतो आणि हृदयाची लय त्याच्याशी जुळते. याने मेलेलं मूल उठत नाही. पण टाळीत हजार माणसं एका लयीत का येतात, हे समजायला त्याची मदत होते.

इथे भोंदूगिरीचा विषय टाळता येत नाही. २० ऑगस्ट २०१३ रोजी अंधश्रद्धा निर्मूलनाचे कार्यकर्ते डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची हत्या झाली आणि त्याच वर्षी महाराष्ट्रात जादूटोणाविरोधी कायदा आला. मंत्राच्या नावाखाली लुबाडणं, मारहाण करणं, भीती घालणं त्याने गुन्हा ठरवलं. हरिकथा, कीर्तन, भजन आणि दिवंगत संतांच्या चमत्कारांचं कथन यांना मात्र त्याच कायद्याने मोकळं ठेवलं. गोरोबांची कथा सांगणं आणि बंद खोलीत पैसे घेऊन मंत्र टाकणं यांतली रेघ कायद्यानेही ओळखली, याचं मला मनापासून समाधान वाटतं.

काळजी आहे ती वेगळी. रात्रभराचा गोंधळ आता पुष्कळ घरी दोन तासांत आटोपतात, आणि कात्री चालते ती आख्यानावर. जिल्ह्यातल्या जुन्या गोंधळ्यांची आख्यानं पूर्ण लांबीची, झीलकऱ्याच्या आवाजासकट ध्वनिमुद्रित व्हायला हवीत, आणि तेरच्या कीर्तनात संतीचा टाहोही पूर्ण सांगितला गेला पाहिजे.