गेम फोनवर, दुकान दुसऱ्याच्या जागेत: मोबाइल गेम स्ट्रीमिंगचा खरा हिशोब



मागच्या महिन्यात संध्याकाळी साडेसातला दुकानात एक काका आले. ड्युटी संपवून सरळ आलेले, हातात डब्याची पिशवी तशीच. सोबत मुलगा, आयटीआयच्या दुसऱ्या वर्षाला. मुलाने काचेतला जो फोन दाखवला तो 38 हजारांचा. काकांनी मला बाजूला घेतलं आणि हळूच विचारलं, "भाऊ, पोट्टा म्हणते गेम खेळून लोकायले दाखवतो, त्याचे पैसे येतात. हे खरं हाय का जी? हप्त्यावर घेऊन देऊ का?"

आता बघा, मी जवाहरनगरात मोबाइलचंच दुकान चालवतो. फोन विकला की कमिशन माझं. तरी त्या दिवशी मी तो फोन विकला नाही. मी धंदा शिकवतो, आणि गेम स्ट्रीमिंग हाही एक धंदाच आहे. त्यात माल कुठला, जागा कुणाची, खर्च किती आणि गिऱ्हाईक कोण, हे कळल्याशिवाय भांडवल घालायचं नसतं. काकांना जे सांगितलं तेच आज सविस्तर लिहितोय.

आधी माझी चूक ऐका

2020 च्या लॉकडाऊनमध्ये दुकानाचं शटर खाली होतं. बीबीए केलेलं, म्हणजे हिशोब आपल्याला येतो असा समज. रात्री पबजी मोबाइल खेळायचो, मग तेच लाइव्ह दाखवायला लागलो. चार महिन्यांत 600 च्या वर सबस्क्रायबर झाले. कमाई शून्य, पण हुरूप भरपूर. ऑगस्टमध्ये नवा फोन घेतला, 12 हप्त्यांवर.

2 सप्टेंबर 2020 ला केंद्र सरकारने 118 ॲपवर बंदी घातली. त्यात पबजी मोबाइल होतं. 30 ऑक्टोबरला भारतातले सर्व्हरही बंद झाले. गेम गेला, हप्ते राहिले. बीजीएमआय आलं 2 जुलै 2021 ला. तोवर माझे प्रेक्षक पांगले होते आणि मीही दुकानात गुंतलो होतो.

चूक सरकारची नाही, गेमचीही नाही. एकाच मालावर, तोही दुसऱ्याच्या मालावर, मी उधारीचं भांडवल लावलं. किराणा दुकानात मी असं कधी केलं नसतं.

स्क्रीन दुसऱ्यापर्यंत पोहोचते कशी?

चार रस्ते आहेत. स्वस्तातून महागाकडे जाऊ.

पहिला, नुसतं रेकॉर्डिंग. अँड्रॉइड 11 पासून फोनमध्येच स्क्रीन रेकॉर्डर येतो, आयफोनमध्ये 2017 पासून आहे. वरची पट्टी खाली ओढा, बटण दाबा, झालं. सेटिंगमध्ये फोनचा आवाज आणि माइक दोन्ही चालू आहेत का ते बघा, नाहीतर बंदुकीचा आवाज येईल आणि तुमचा येणार नाही. खर्च शून्य. नवशिक्याने इथूनच सुरुवात करावी.

दुसरा, चार मित्रांना दाखवणं. डिस्कॉर्ड किंवा गुगल मीटवर स्क्रीन शेअर करता येते. ह्यात पैसा नाही, पण बोलत बोलत खेळायचा सराव होतो. गप्प बसून खेळणारा माणूस कुणी बघत नाही. हा सराव फार महत्त्वाचा.

तिसरा, फोनवरूनच लाइव्ह. प्रिझम लाइव्ह स्टुडिओ किंवा स्ट्रीमलॅब्ससारखी ॲप तुमची स्क्रीन उचलून यूट्यूबला पाठवतात. यूट्यूबच्या स्वतःच्या मोबाइल ॲपमधून लाइव्ह जायचं तर किमान 50 सबस्क्रायबर लागतात. पहिल्यांदा लाइव्ह सुरू करताना 24 तासांपर्यंत थांबावं लागतं, म्हणून आदल्या दिवशीच सोय करून ठेवा. जुलै 2025 पासून एकट्याने लाइव्ह जायला वय किमान 16 लागतं. अडचण एकच. एकाच फोनवर गेमही चालतो आणि व्हिडिओही बनतो. अर्ध्या तासात फोन तापतो, गेम अडकायला लागतो. कव्हर काढा, ब्राइटनेस कमी करा, पंख्याखाली बसा.

चौथा, फोन कॉम्प्युटरला जोडणं. एससीआरसीपीवाय नावाचं फुकट सॉफ्टवेअर यूएसबी केबलने अँड्रॉइडची स्क्रीन कॉम्प्युटरवर आणतं. तिथून ओबीएस, तेही फुकट, ती लाइव्ह पाठवतं. फोनवरचा भार हलका होतो. घरात साधारण बरा कॉम्प्युटर असेल तर 38 हजारांच्या फोनपेक्षा हा रस्ता शहाणपणाचा.

नेटचा हिशोब पाटीवर मांडा

720 पी दर्जाचा व्हिडिओ 30 फ्रेमने पाठवायला यूट्यूब साधारण 4 एमबीपीएस सुचवतं. 4 एमबीपीएस म्हणजे सेकंदाला अर्धा एमबी. तासाला झाले 1,800 एमबी, म्हणजे 1.8 जीबी. तुमचा रिचार्ज रोज 2 जीबीचा असेल तर एका तासात डेटा संपला. गेमचा डेटा वेगळा.

आणि इथे डाउनलोड नाही, अपलोड स्पीड लागतो. स्पीड टेस्ट करताना लोक पहिला मोठा आकडा बघून खूश होतात. दुसरा बघा. 4 एमबीपीएस पाठवायचे तर अपलोड 6 तरी स्थिर हवा. टेस्टही दुपारी बाराला करू नका, रात्री आठ-नऊला करा, कारण तुम्ही लाइव्ह तेव्हाच जाणार आणि सगळी कॉलनी नेटवर तेव्हाच असते.

लाइव्हच्या आधी काय झाकायचं

एकदा माझी स्ट्रीम चालू असताना वरून मेसेज घसरत आला. एका व्यापाऱ्याने बाकीची रक्कम मागितली होती, आकड्यासकट. बघणारे तेव्हा 14 जण होते, त्यातले दोन माझे गिऱ्हाईक. दुसऱ्या दिवशी एकाने दुकानात येऊन विचारलंच.

माझं हसण्यावारी गेलं, पण तिथे ओटीपी आला असता तर? स्क्रीन शेअर चालू असताना समोरच्याला सगळं दिसतं. म्हणून:

- लाइव्हच्या आधी डू नॉट डिस्टर्ब चालू करा.
- यूपीआय, बँक, व्हॉट्सॲप त्या वेळात उघडू नका. जमत असेल तर बँकेचं सिम दुसऱ्या फोनमध्ये ठेवा.
- आधी एक अनलिस्टेड टेस्ट करा आणि दुसऱ्या फोनवर स्वतः बघा.
- कॅमेरा लावणार असाल तर पाठीमागची भिंत बघा. आपल्याकडे घराघरात खिळ्याला वडिलांचं कारखान्याचं ओळखपत्र लटकलेलं असतं. आयुध निर्माणीच्या गावात राहतो आपण. ओळखपत्र, गेट, गाडीचा नंबर, काहीही दिसता कामा नये.
- मागे गाणं लावू नका. कॉपीराइटचा दावा आला की त्या व्हिडिओची कमाई दुसऱ्याच्या खिशात जाते.

पैसा कधी येतो?

यूट्यूबवर जाहिरातीतून कमवायचं तर 1,000 सबस्क्रायबर आणि मागच्या 12 महिन्यांत 4,000 तास बघितलेले हवेत, किंवा 90 दिवसांत शॉर्ट्सचे 1 कोटी व्ह्यूज. 500 सबस्क्रायबर आणि 3,000 तासांवर एक खालची पायरी आहे. तिथे सुपर चॅटसारखी प्रेक्षकांची मदत मिळते, जाहिरातीचे पैसे नाही.

4,000 तास म्हणजे किती? समजा तुम्ही रोज दोन तास लाइव्ह गेलात आणि पूर्ण वेळ सरासरी 10 जण बघत राहिले. दिवसाचे झाले 20 तास. 4,000 भागिले 20, म्हणजे 200 स्ट्रीम. एकही खाडा न करता साडेसहा महिने. आणि सुरुवातीला दहा जण बसून राहणं हीच मोठी गोष्ट आहे. लाइव्ह संपल्यावर व्हिडिओ पब्लिक ठेवा. उडवला की ते तास मोजणीतून गेले.

त्यानंतर मोठ्या व्हिडिओंच्या जाहिरातीतून 55 टक्के तुमचे, सुपर चॅटमधून 70 टक्के. 10 डॉलर जमले की पत्ता तपासायला गुगल टपालाने पिन पाठवतं, म्हणून पत्ता पिनकोडसकट नीट भरा. 100 डॉलर जमल्याशिवाय बँकेत काही येत नाही.

ह्या मधल्या कोरड्या काळात एक मोह येतो. छोट्या चॅनेलवाल्यांना सट्ट्याच्या ॲपकडून मेसेज येतात, "लिंक टाका, लगेच पैसे घ्या." हात लावू नका. ऑगस्ट 2025 मध्ये झालेल्या ऑनलाइन गेमिंग कायद्याने पैशाचे गेम बंद केलेत. त्यांची जाहिरात करणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि 50 लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. त्याच कायद्याने ई-स्पोर्ट्सला मात्र मान्यता दिली आहे. दोन्हींतला फरक घरच्यांनाही समजावून सांगा.

जागा कुणाची, माल कुणाचा?

हा लेखाचा गाभा आहे, नीट वाचा.

माल, म्हणजे गेम, दुसऱ्याचा. पबजीचं सांगितलं. 14 फेब्रुवारी 2022 ला फ्री फायरवर बंदी आली. 28 जुलै 2022 ला बीजीएमआय स्टोअरमधून काढलं, ते परत खेळायला मिळालं मे 2023 च्या शेवटी. दहा महिने! तुमच्या दुकानात एकच माल असता आणि तो दहा महिने आला नसता, तर?

जागाही दुसऱ्याची. यूट्यूब गेमिंगचं वेगळं ॲप मे 2019 मध्ये बंद झालं. मायक्रोसॉफ्टचं मिक्सर जुलै 2020 मध्ये, फेसबुक गेमिंगचं ॲप ऑक्टोबर 2022 मध्ये. मोबाइलवाल्यांचं लाडकं ऑमलेट आर्केड 2023 मध्ये.

मग तुमचं काय? दोनच गोष्टी. तुमची बोलण्याची पद्धत, आणि तुमच्यासाठी येणारा माणूस. गिऱ्हाईक गेमसाठी येत असेल तर तो गेमबरोबर जाईल. तुमच्यासाठी येत असेल तर तुम्ही जिथे जाल तिथे येईल.

ज्यांचं जमलं त्यांच्याकडे बघा. मुंबईचा नमन माथुर, ज्याला सगळे मॉर्टल म्हणतात, त्याने सुरुवात केली मिनी मिलिशियाने. मग पबजी, मग बीजीएमआय. गेम बदलले, प्रेक्षक टिकले. पायल धारे तर आपल्या नागपूरच्या पलीकडची, छिंदवाडा जिल्ह्यातल्या उमरानाला गावची. 2024 च्या मोबीज पुरस्कारांत ती वर्षाची सर्वोत्तम मोबाइल स्ट्रीमर ठरली. मिथिलेश पाटणकर, म्हणजे मिथपॅट, खेळापेक्षा त्याच्या विनोदी बडबडीसाठी बघितला जातो. एप्रिल 2024 मध्ये पंतप्रधानांना भेटलेल्या गेमर्समध्ये हे तिघेही होते. लहान गावातून होत नाही असं नाही. पण हे वर पोहोचलेले मोजके लोक आहेत, आणि त्यांच्याकडे बघून हप्ता सुरू करणं म्हणजे सचिनकडे बघून बॅट उधारीवर घेणं.

काकांना काय सांगितलं

मी मुलाला विचारलं, "आत्ताच्या फोनवर किती व्हिडिओ बनवलेस?" तो म्हणाला, "एकही नाही. फोन लॅग मारते." मग तिघांनी मिळून तीन अटी ठरवल्या.

एक, 90 दिवस जुन्याच फोनवर. लाइव्ह नाही, फक्त रेकॉर्डिंग. आठवड्याला तीन व्हिडिओ, पाच मिनिटांच्या आतले. विषय एकाच गेमचा नको.

दोन, आयटीआयची हजेरी पक्की. संध्याकाळचे दोन तास स्ट्रीमिंगचे, परीक्षेच्या महिन्यात तेही नाही.

तीन, नवा फोन घ्यायचा तो चॅनेलच्या किंवा स्ट्रीमिंगच्या कलेतून आलेल्या पैशाने. वडिलांच्या पगारातून नाही.

"स्ट्रीमिंगच्या कलेतून" हे मुद्दाम म्हटलं. स्क्रीन आणि आवाज नीट पोहोचवता येणं हे कौशल्य गेमपुरतं नाही. दिवाळीनंतर मंडईचे दिवस येतात, गावोगावी कबड्डीचे सामने, शंकरपट होतात. मंडळांना लाइव्ह करून देणारा माणूस हवा असतो. क्लासवाल्या सरांना स्क्रीन रेकॉर्ड करून धडे हवे असतात. ही कामं रोख पैशाची आहेत आणि कुणाच्या बंदीने थांबत नाहीत. फक्त नाटक दाखवायचं असेल तर आधी कंपनीची लेखी परवानगी घ्या, तिकिटावर पोट असतं त्यांचं.

मुलाचा चेहरा पडला होता, खोटं कशाला सांगू. 38 हजारांचं बिल फाडायचं सोडून मी 450 रुपयांचा कॉलर माइक विकला.

परवा तो एकटाच आला. 11 व्हिडिओ झालेत, सबस्क्रायबर 43. सगळ्यात जास्त चाललेला व्हिडिओ गेमचा नाहीच. स्वस्त फोनवर लॅग कमी करायला कोणत्या सेटिंग बदलायच्या, हे त्याने आपल्या भंडाऱ्याच्या बोलीत सांगितलंय. खाली चार-पाच जणांनी प्रश्न विचारलेत आणि तो रात्री बसून प्रत्येकाला उत्तर देतो.

जाताना म्हणाला, "दादा, ज्या फोनले मी शिव्या देत होतो, त्याच्यावरच व्हिडिओ चालला."

मी म्हटलं, "आता अजून 60 दिवस राहिले. मोजत राहा."

तुम्हीही नवा फोन काचेत बघत असाल, तर आधी हातातल्या फोनवर दहा व्हिडिओ बनवा. दुकानात मग या. चहा माझ्याकडून.