‘अण्णा, तुम्ही बसा!’

संसाराचा भार मुलांनीं उचलला, नातवंडें शाळेंत जाऊं लागलीं, कीं आपल्या घरांतील वडील माणसास एक नवीन मान मिळूं लागतो. त्यानें भाजीची पिशवी हातीं घेतली, कीं मुलगा ती काढून घेतो. पूजेचें पाणी आणावयास तो उठला, कीं सून लगबगीनें म्हणते, ‘अण्णा, तुम्ही बसा!’ या तीन शब्दांत प्रेम आहे, आदर आहे. पण अपायहि आहे. तो कसा, हें स्वानुभवावरून सांगण्याचें योजिलें आहे.

प्रस्तुत लेखकानें नगरास (आतां अहिल्यानगर म्हणावयाचें, पण जिभेची संवय लवकर सुटत नाहीं) तीस वर्षें फळ्यासमोर उभें राहून संस्कृत शिकविलें. निवृत्तीनंतर झोपाळा आणि वर्तमानपत्र हींच कायतीं दोन कामें उरलीं. अशीं पांच वर्षें गेलीं. एके दिवशीं पूजा आटोपल्यावर पाटावरून उठूं लागलों, तों उठवेना! शेवटीं नातवानें हात दिला. ‘आजोबा, कुठें दुखतंय का?’ असें त्यानें विचारलें. दुखत कांहींच नव्हतें. मांड्यांत बळच उरलें नव्हतें. पुढें दोन महिन्यांनीं न्हाणीघरांत पडलों. हाड मोडलें नाहीं, पण धीर मोडला, आणि बाहेर जाणेंहि बंद झालें.

डॉक्टरांनीं व्यायाम सांगितला, तेव्हां मीं पंडिताला शोभेल असा बचाव केला. वाग्भटांच्या अष्टांगहृदयांत ज्यांनीं व्यायाम वर्ज्य करावा त्यांच्या यादींत वृद्धाचें नांव आहे, तें मुलास दाखविलें. परंतु अर्ध्या आधारावर वाद जिंकणें हें शिक्षकास शोभत नाहीं, म्हणून सुश्रुत काढून बसलों. तेथें निराळाच प्रकार आढळला. वय, बल, शरीर, देश, काल आणि आहार पाहून व्यायाम करावा, तोहि आपल्या अर्ध्याच शक्तीनें, असें सुश्रुताचार्य सांगतात. श्वास तोंडावाटे येऊं लागला, कीं अर्धी शक्ति संपली असें समजावें. शिवाय देहाला फार पीडा न देणाऱ्या चंक्रमणाची, म्हणजे फेरफटक्याची, त्यांनीं वेगळी प्रशंसा केली असून त्यानें आयुष्य, बल, मेधा व अग्नि वाढतात असें म्हटलें आहे. तेव्हां वाग्भटांचा निषेध दमछाक करणाऱ्या श्रमांना आहे, हालचालीला नाहीं, असाच अर्थ मीं घेतला.

आजचें वैद्यक याच वाटेनें चाललें आहे. चालतांना बोलतां यावें, पण गातां येऊं नये, इतका वेग वृद्धास पुरे, असें डॉक्टर सांगतात. ही सुश्रुतांचीच खूण नव्हे काय? जागतिक आरोग्य संघटनेनें २०२० सालीं सांगितल्याप्रमाणें पासष्टीपुढील माणसानें आठवड्यास निदान १५० मिनिटें मध्यम वेगाची हालचाल करावी. आणि तीन दिवस तरी तोल व बळ वाढविणारे व्यायाम करावेत. केवळ चालणें पुरत नाहीं, कारण माणूस पडतो तो बहुधा तोल जाऊन व मांड्या दुबळ्या होऊन. अमेरिकेंत बोस्टन येथें १९९० सालीं प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगांत नव्वदीच्या घरांतील दहा अशक्त वृद्धांकडून आठ आठवडे पायांनीं वजन उचलण्याचा व्यायाम करविला; त्यांचें बळ सरासरीनें दुपटीहून अधिक वाढलें. स्नायूंना जन्मतारीख वाचतां येत नाहीं, असेंच म्हणावयाचें!

आपल्याकडे उदाहरणांची वाण नाहीं. औंधचे अधिपति श्रीमंत बाळासाहेब पंतप्रतिनिधि (१८६८–१९५१) यांचें सूर्यनमस्कारांवरील इंग्रजी पुस्तक लंडनला १९३८ सालीं निघालें, तें त्यांच्या सत्तराव्या वर्षीं. महर्षि अण्णासाहेब कर्वे हिंगण्याच्या आश्रमांतून फर्ग्युसन कॉलेजांत शिकवावयास पायीं जात-येत. त्यांना १०४ वर्षांचें आयुष्य केवळ चालण्यानें लाभलें असें म्हणणें धाडसाचें होईल. पण त्यांनीं पायांना कधीं निवृत्त केलें नाहीं, हें खरें. आणि आमच्या नगरच्या भुईकोट किल्ल्यांत १९४२ ते १९४५ या काळीं बंदिवासांत असतां पंडित नेहरूंनीं जुन्या इमारतींचे दगडगोटे भरलेल्या जमिनींत खोदकाम करून बाग फुलविली. बंदिवानास जें साधलें, तें आपल्याच घरांतील झोपाळ्यावरच्या स्वतंत्र माणसास कां साधूं नये?

माझा क्रम साधा आहे. सकाळीं अर्धा तास चालणें, आठवड्यांतून पांच दिवस. एक दिवसाआड खुर्चींतून हाताचा टेकू न घेतां दहा वेळां उठणें-बसणें. भिंतीला हात लावून टांचा उचलणें. आणि ओट्याचा आधार घेऊन एका पायावर दहा अंक मोजेपर्यंत उभें राहणें. आरंभ तीन-चार वेळांपासून करावा. छातींत दुखलें, चक्कर आली किंवा धाप लागली तर तत्काळ थांबावें. हृदयविकार, रक्तदाब वा मधुमेह असल्यास आधीं डॉक्टरांस विचारावें. न्हाणीघरांत मात्र भिंतीला दांडी बसवावी. त्यांत लाज नाहीं.

एक गोष्ट मनांत सलते. माझ्या सहधर्मचारिणीस जन्मांत कोणीं ‘तुम्ही बसा’ म्हटलें नाहीं. केर काढणें, ओट्यापाशीं उभें राहणें, जिने चढणें यांत तिचीं वर्षें गेलीं; आणि आज ती जमिनीवरून माझ्याआधीं उठते. तिच्या वाट्याचे श्रम न्याय्य होते असें नव्हे; परंतु घरकामाचा अर्धा वांटा मीं पूर्वींच उचलला असता, तर तिलाहि विसांवा मिळता आणि मलाहि पाय राहते.

म्हणून सुनांना व मुलांना विनंति आहे कीं, वडिलांच्या हातांतील पिशवी सरसकट काढून घेऊं नका. जड असेल तर निम्मी करा. ‘तुम्ही बसा’ याऐवजीं ‘चला, आपण मिळून जाऊं’ असें म्हणा.

आतां पूजा झाली, कीं नातू पाटाजवळ येऊन उभा राहतो. हात देत नाहीं. मी किती अंकांत उठतों तें मोजतो. काल चार झाले.