युक्तिवादाचे वाचन आणि प्रतिसाद : ‘ज्ञानेश्वर एक की दोन?’ या वादाच्या आधारे

पाठ्यपुस्तक आपल्याला माहिती देते. संशोधनपर लेख आपले मन वळवू पाहतो. हा फरक लक्षात न आल्यामुळे अनेक विद्यार्थी संशोधनपर लेखही पाठ्यपुस्तकासारखाच वाचतात. ठळक वाक्यांखाली रेघा ओढतात, टिपणे काढतात आणि गृहपाठात ‘अमुक अभ्यासक असे म्हणतात’ असे लिहून मोकळे होतात. ते तसे का म्हणतात आणि त्यांचे म्हणणे टिकते का, हे दोन्ही प्रश्न अस्पर्शित राहतात. या घटकात आपण एका जुन्या वादाच्या साहाय्याने या प्रश्नांकडे वळणार आहोत.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस शिवराम एकनाथ भारदे यांनी ‘भारद्वाज’ या टोपणनावाने ‘सुधारक’ पत्रात लेख लिहून असे प्रतिपादन केले, की ‘ज्ञानेश्वरी’ लिहिणारे ज्ञानेश्वर आणि अभंग रचणारे ज्ञानदेव या दोन भिन्न व्यक्ती होत. महाराष्ट्रात हा विषय केवळ विद्वत्तेचा नव्हता. ज्यांच्या घरी हरिपाठ म्हटला जातो, ज्यांची वारी चुकत नाही, त्यांच्या दृष्टीने हा श्रद्धेच्या मुळावरच घाव होता. तुमच्यापैकीही अनेकांना हे विधान वाचून अस्वस्थ वाटेल. ते स्वाभाविक आहे. मात्र निष्कर्ष नावडता आहे म्हणून युक्तिवाद चुकीचा ठरत नाही. तसाच निष्कर्ष आवडता आहे म्हणून तो बरोबरही ठरत नाही.

भारदे यांचा एक प्रमुख मुद्दा भाषेचा होता. ज्ञानेश्वरीच्या अखेरीस तिचा रचनाकाळ शके १२१२, म्हणजे इसवी सन १२९०, असा दिलेला आहे. तिची भाषा जुनी, आज अर्थासह वाचावी लागणारी. अभंगांची भाषा मात्र पुष्कळच अलीकडची वाटते. म्हणून दोहोंचे कर्ते वेगळे, असा हा युक्तिवाद.

यात दावा कोणता आणि आधार कोणता, हे सहज ओळखता येते. खरे काम त्यापुढे सुरू होते. आधारापासून दाव्यापर्यंत जाण्यासाठी लेखकाला एक पूल लागतो आणि तो बहुधा न उच्चारलेल्या गृहीतकाचा असतो. येथील गृहीतक असे : अभंग ज्या भाषेत रचले गेले, त्याच भाषेत ते आपल्यापर्यंत पोहोचले. हे वाक्य कागदावर लिहून काढले, की त्याचा कमकुवतपणा दिसू लागतो. अभंग शतकानुशतके कीर्तनात, भजनात, मुखोद्गत राहिले. गाणाऱ्याच्या तोंडी शब्दाचे रूप बदलते. लिखित ग्रंथही या बदलातून सुटत नाही. ज्ञानेश्वरीत शिरलेले अपपाठ दूर करण्यासाठी एकनाथांना शके १५०६ मध्ये तिची शुद्ध प्रत सिद्ध करावी लागली. भारदे यांच्या विरोधकांनी याच जागी बोट ठेवले. भाषेतील फरक त्यांनी नाकारला नाही. त्या फरकावरून निघणारे अनुमान नाकारले.

परंतु या उत्तराने नेमके काय सिद्ध झाले? कर्ता एकच होता, हे नव्हे. भाषेच्या आधारे दोन कर्ते सिद्ध होत नाहीत, एवढेच. एखाद्या दाव्याचा आधार ढासळला, की त्याच्या विरुद्ध दावा आपोआप उभा राहतो, हा समज फार सर्वत्र आढळतो. विद्यार्थ्यांच्या लेखनात तर आढळतोच. नामांकित अभ्यासकही त्यातून मुक्त नाहीत.

आणखी एक गोष्ट पाहा. कर्ता एकच, असे मानणारे नामदेवांच्या नावावरील समाधीच्या अभंगांचा दाखला देतात. हे अभंगही मौखिक परंपरेतूनच आलेले आहेत. ज्ञानदेवांच्या अभंगांचे शब्द बदलले असतील, तर नामदेवांच्या अभंगांचे शब्द जसेच्या तसे राहिले, असे कसे मानावे? हा दाखला त्यामुळे अगदीच निरुपयोगी ठरत नाही. पण एका ठिकाणी लावलेली कसोटी दुसऱ्या ठिकाणी सोडून देता येत नाही.

दुसरा मुद्दा विठ्ठलाचा. अभंगांत विठ्ठलभक्ती ओसंडून वाहते, तर ज्ञानेश्वरीत विठ्ठलाचा स्पष्ट नामनिर्देश नाही. हा मौनावर आधारलेला युक्तिवाद आहे. जेथे उल्लेख अपेक्षित असतो, तेथेच मौनाला पुरावा म्हणून वजन येते. ज्ञानेश्वरी ही गीतेवरील टीका; तिच्यात विठ्ठलाचे प्रयोजनच काय, असे उत्तर दिले जाते. प्रस्तुत लेखकाला हे उत्तर पुरेसे वाटत नाही. सुमारे नऊ हजार ओव्यांच्या या ग्रंथात ज्ञानेश्वर गीतेच्या श्लोकांपुरते थांबत नाहीत. सद्गुरूंचे स्तवन तर ते अनेक अध्यायांच्या आरंभी विस्ताराने करतात. तेव्हा या मौनाचा विचार करावा लागतो, जरी त्यावरून दुसरी व्यक्ती सिद्ध होत नसली तरी. आज बहुतेक अभ्यासक एकच ज्ञानेश्वर मानतात. मात्र गाथेतील प्रत्येक अभंग त्यांचाच आहे, असे त्यातून निघत नाही.

आता प्रतिसाद लिहिण्याविषयी. आपल्या शास्त्रपरंपरेत स्वमत मांडण्यापूर्वी पूर्वपक्ष मांडण्याची रीत आहे. प्रतिपक्षाचे म्हणणे त्यालाही मान्य होईल अशा बळकट स्वरूपात मांडावे आणि मगच उत्तरपक्षाकडे जावे. वाचतानाही याचे भान ठेवा. ‘असे म्हटले जाते की’, ‘हे खरे, परंतु’, ‘तथापि’ अशा शब्दांपाशी थांबा. लेखकाने खोडून काढण्यासाठी मांडलेला पूर्वपक्ष त्याचेच मत म्हणून उत्तरपत्रिकेत उतरवला जाण्याचे प्रकार वारंवार घडतात.

‘दोन्ही बाजूंत तथ्य आहे’ हा समारोपही टाळावा. कोणत्या बाजूच्या कोणत्या मुद्द्यात किती तथ्य आहे, ते सांगावे. उदाहरणार्थ : ‘भारदे यांनी दाखविलेला भाषाभेद मान्य करावा लागतो. मात्र अभंगांचा पाठ मौखिक परंपरेत बदलण्याची शक्यता विचारात घेतल्यास, केवळ या भेदावरून कर्तृभेद सिद्ध होत नाही. विठ्ठलाच्या अनुल्लेखाचा मुद्दा यापेक्षा सबळ वाटतो, कारण…’ या चार ओळींत मान्यता आहे, मर्यादा आहे आणि तुलनाही आहे. ‘माझ्या मते’ हे शब्द नसूनही लिहिणाऱ्याचे मत स्पष्ट आहे.

स्वयं-अध्ययनासाठी : वरील नमुन्यातील ‘कारण’ या शब्दापुढील वाक्य पूर्ण करा. त्यानंतर तुमच्या विधानामागचे गृहीतक शोधून वेगळ्या ओळीत लिहा आणि त्यावर कोणता आक्षेप घेता येईल, ते पाच ओळींत मांडा.