माशाच्या पोटातला ढोल

दरवर्षी जून-जुलैत पश्चिम किनाऱ्यावर मासेमारी बंद असते. बंदरावर काम नसते, म्हणून माझी सातपाटीची आत्या त्या दिवसांत आमच्याकडे अवधपुरीला राहायला येते. वडील भेलच्या नोकरीसाठी भोपाळला आले आणि आम्ही इथलेच झालो. पण आत्या आली की घरात पुन्हा खाऱ्या वाऱ्याच्या गोष्टी सुरू होतात.

अशाच एका मुक्कामात, सकाळी अंथरुणावरून उठताना तिला घर फिरल्यासारखे झाले. डॉक्टरांनी तपासून सांगितले, "घाबरू नका. कानाच्या आत चुनखडीसारखे बारीक कण असतात. ते जागचे हलले की अशी चक्कर येते." त्यांनी तिची मान विशिष्ट पद्धतीने वळवून कण जागेवर आणले आणि दोन दिवसांत आत्या हिंडूफिरू लागली. घरी आल्यावर तिने बटव्यातून दोन पांढरे, हस्तिदंतासारखे खडे काढून माझ्या तळहातावर ठेवले.

"डॉक्टर म्हणतो ते खरं असेल बाबा. पण माझ्या कानातले बारीक. हे घोळीच्या डोक्यातले बघ केवढे!"

मी मराठी शिकवणारा माणूस. पण खडे हातात आले आणि उत्सुकता गप्प बसू देईना. महाविद्यालयातल्या प्राणिशास्त्राच्या सहकाऱ्यांना त्रास दिला, पुस्तके चाळली. जे कळले ते वाचकांसाठी इथे देत आहे.

कानातली जन्मपत्रिका

माशाला बाहेरून कान दिसत नाहीत, पण कवटीच्या आत असतात. हाडे असलेल्या माशांमध्ये प्रत्येक बाजूला तीन असे खडे असतात. पाण्यातून आलेल्या कंपनांनी माशाचे शरीर हलते, जड खडा किंचित मागे राहतो, आणि त्या फरकावरून माशाला आवाज कळतो. शरीराचा तोलही याच खड्यांमुळे सांभाळला जातो. घोळ, ढोमा, कोठ या माशांच्या कुळात हे खडे फारच मोठे असतात. ढोम्याच्या एका वंशाचे शास्त्रीय नावच 'ओटोलिथस', म्हणजे कानातला खडा, असे आहे.

झाडाच्या खोडाप्रमाणे या खड्यातही वर्षाला एकेक वलय वाढते. खडा कापून, घासून, सूक्ष्मदर्शकाखाली ठेवला की माशाचे वय मोजता येते. आत्याच्या बटव्यात एखाद्या घोळ माशाची जन्मपत्रिकाच होती म्हणा ना!

ढोल वाजतो कसा

आपण माशाला मुका समजतो. या कुळाच्या बाबतीत तो समज अगदी चूक आहे. इंग्रजीत या माशांना 'ड्रम' आणि 'क्रोकर' म्हणतात, म्हणजे ढोल आणि डराव डराव करणारा. माशाच्या पोटात हवेने भरलेली एक पिशवी असते. तिला मराठीत वाताशय म्हणतात, आमच्या किनाऱ्यावर 'भोत'. पाण्यात वर-खाली होताना तरंगत राहायला ती उपयोगी पडते. या कुळात मात्र तिच्या दोन्ही बाजूंना खास स्नायू असतात. ते अतिशय वेगाने आखडतात आणि सैल होतात, आणि हवेची पिशवी ढोलकीसारखी घुमते. अनेक जातींत फक्त नरच वाजवतो. विणीचा हंगाम आला, संध्याकाळ झाली, की नरांचा ताफा घुमू लागतो आणि माद्या त्या आवाजाच्या रोखाने येतात. लग्नघरात सनई-चौघडा असतो तसेच!

गोड्या पाण्यातले भाऊबंद

हे कूळ मुख्यतः समुद्रातले. आमच्या भोपाळच्या मोठ्या तलावात रोहू, कतला, मृगळ मिळतात. पण इथले पाणी बेतवा आणि यमुना या वाटेने शेवटी गंगेला जाते, आणि गंगेत या कुळातला एक मासा राहतो. त्याचे नाव कोइटोर. फ्रान्सिस हॅमिल्टन या स्कॉटिश डॉक्टरने १८२२ साली गंगेतल्या माशांवर ग्रंथ लिहिला, त्यात त्याची नोंद आहे.

जन्मभर गोड्या पाण्यातच राहणारा प्रसिद्ध ढोलमासा मात्र अमेरिकेतला, 'फ्रेशवॉटर ड्रम'. कॅनडापासून थेट ग्वाटेमालापर्यंत तो सापडतो. रंग रुपेरी-राखाडी, पाठ उंच, तोंड खालच्या बाजूला वळलेले. अंगावरची संवेदनरेषा बहुतेक माशांत शेपटीपाशी संपते. याची शेपटीच्या टोकापर्यंत जाते. तो तळाशी चरतो. शिंपले आणि गोगलगायी हे त्याचे आवडते खाद्य. ते फोडायला त्याच्या घशात जात्यासारखे दात असतात. त्याची अंडी पाण्यावर तरंगत वाहत जातात, तिकडच्या गोड्या पाण्यातल्या माशांत ही दुर्मीळ गोष्ट आहे. गळाला लागलेला सर्वात मोठा मासा १९७२ साली टेनेसी राज्यात मिळाला, वजन सुमारे पावणेपंचवीस किलो. मिनेसोटातल्या एका माशाच्या कानातल्या खड्यात ७२ वलये मोजली गेली. म्हणजे तो मासा आजोबांच्या वयाचा झाला होता! याच्या खड्यावर इंग्रजी 'एल' अक्षरासारखी खाच असते. सरोवराकाठची मुले ते 'शुभ खडे' म्हणून वेचतात. तिथले मूळ रहिवासीही ते जपून ठेवत, दागिन्यांत वापरत.

आवाजच वैरी

इथवर सगळे गमतीचे वाटते. पण पुढची गोष्ट वाचून मी अस्वस्थ झालो.

मासा ज्या आवाजाने जोडीदाराला बोलावतो, तोच आवाज माणसालाही ऐकू येतो. मलेशियात जाणते कोळी पाण्यात डोके घालून थवा कुठे आहे ते ऐकत. चीनमध्ये त्यासाठी पोकळ बांबू पाण्यात धरत. थवा अंडी घालायला जमलेला असतो, म्हणजे एका जाळ्यात पुढची पिढीही जाते. १९५० च्या दशकात चीनच्या किनाऱ्यावर होड्यांच्या लाकडांवर एकदम ठोकून मोठा आवाज करण्याची पद्धत फोफावली. आवाजाला तीव्र असलेले पिवळे क्रोकर मासे, लहान-मोठे सगळे, बधिर होऊन वर येत. एकेकाळी मुबलक असलेला तो मासा पुढे समुद्रातून जवळजवळ नाहीसा झाला.

त्यातच भोताचा भाव. वाळवलेले भोत चीन, हाँगकाँगकडे सूपासाठी जाते, त्यापासून मद्य नितळ करण्याचा पदार्थही बनतो. ऑगस्ट २०२१ मध्ये पालघरच्या मुरबे गावातल्या होडीला एका खेपेत १५७ घोळ मिळाले आणि ते सुमारे १ कोटी ३३ लाखांना गेले. बातमी वाचून आम्हालाही आनंद झाला. कर्जात बुडालेल्या कोळ्याचे घर उभे राहते, त्याचा हेवा कसा करावा? पण मेक्सिकोत काय झाले तेही पाहावे. तिथे टोटोआबा हा याच कुळातला मासा भोतासाठी इतका मारला गेला की १९७५ साली त्याच्या मासेमारीवर बंदी आली. चोरटी जाळी तरीही लागत राहिली. त्या जाळ्यांत अडकून वाकिटा नावाचे छोटे सागरी सस्तन प्राणी मेले. आता ते दहाच्या आतबाहेर उरले आहेत.

२०२३ मध्ये गुजरातने घोळीला राज्यमासा ठरवले. त्याच वर्षी महाराष्ट्राने पकडता येणाऱ्या माशांचे किमान आकार ठरवून दिले. नियम कागदावर आले हे चांगलेच. पण ते पाळले जाणे बाजारात उभ्या असलेल्या तुमच्या-माझ्या हातात आहे. वीतभर पिल्लांचा वाटा स्वस्त मिळतो म्हणून पिशवी पुढे करायची नाही, एवढे तर आपल्याला जमेल?

मी आत्याला विचारले, "तुम्हाला होडीत हा आवाज ऐकू यायचा का गं?"

"आम्ही बायका कुठं होडीत जातो? पण तुझे आजोबा सांगायचे. रात्री होडीच्या तळाला कान लावला की ढोमे गुरगुरतात."

"आणि आता?"

"आता इंजिनाचा आवाज. दुसरं काय ऐकू येणार!"

जाताना तिने ते दोन खडे माझ्या टेबलावर ठेवले. वर्गात मी ते मुलांच्या हातात देतो. कुणी म्हणते मोती, कुणी म्हणते दात. मग सांगतो, की हा ज्याचा कान होता तो मासा बोलतही होता.