वतन गेले, तक्षीम राहिली

आमच्या गावच्या सातबाऱ्यावर माझ्या चुलत आजोबांचे एकट्याचे नाव आहे. जमीन आठ एकर, वाटेकरी चार तक्षिमांचे, आणि तालुक्याच्या कोर्टात दावा. वादी-प्रतिवादी एकाच वस्तीत राहतात, जयंतीच्या मिरवणुकीत बरोबर चालतात, आणि एकमेकांच्या मयतीला जात नाहीत. महार वतनाच्या जमिनींवरून असे दावे गावोगाव झाले. वकिलाला त्यातले कळते, पक्षकाराला कळत नाही. म्हणून हा खुलासा.

वतनाची जमीन ही मुळात मालकीची नव्हतीच. १८७४ च्या वतन कायद्याखाली ती चाकरीला बांधलेली होती. सरकारची आणि गावाची रात्रंदिवस वेठ करायची, त्याचा मोबदला म्हणजे हाडकी-हाडवळ्याचा तुकडा आणि बलुते. बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई कायदेमंडळात या कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक आणले ते याच गुलामगिरीविरुद्ध. पण चाकरी पाळीने चालायची आणि पाळी तक्षिमेवर ठरायची, हे लक्षात ठेवले पाहिजे. ज्याची पाळी तो राबता महार. दप्तरात नाव बहुधा त्याचे. नाव एकाचे, हक्क सगळ्या भाऊबंदांचा. आजच्या भांडणाचे मूळ इथे आहे.

१९५८ च्या कनिष्ठ गाव वतने नष्ट करण्याच्या कायद्याने वतन संपले. १ ऑगस्ट १९५९ पासून तो अमलात आला. जमीन सरकारजमा झाली आणि कब्जेहक्काची रक्कम भरल्यावर वतनदाराला फेरप्रदान झाली. आता ही रक्कम कोणी भरली? ज्याच्या गाठीला चार पैसे होते त्याने. मुंबईला गिरणीत असलेल्या भावाने नाही तर गावात राहिलेल्या थोरल्याने. त्याचा नातू आज म्हणतो, "पावती आमची, जमीन आमची." हे बरोबर नाही. कायद्याचे शब्दच असे आहेत की रक्कम वतनदाराने किंवा त्याच्या वतीने भरायची. शिवाय वतन सगळ्या जमावाच्या नावे नोंदलेले असेल तर तो सगळा जमावच वतनदार मानला जातो. पावतीवाल्याला फार तर इतरांच्या वाट्याची रक्कम मागता येईल, त्यांची जमीन नव्हे.

सुप्रीम कोर्टाने १९८२ साली नागेश बिस्टो देसाई यांच्या खटल्यात हेच तत्त्व सांगितले. ते घराणे देसायांचे, वतन वरिष्ठ, कायदा १९५० चा. तिथे थोरल्याचा दावा होता की वतन अविभाज्य, म्हणून जमीन माझ्या एकट्याची. कोर्टाने तो मानला नाही. वतन गेले की अविभाज्यताही गेली, आणि एकाच्या नावे फेरप्रदान झाले तरी जमीन एकत्र कुटुंबाचीच. (आपल्याला उपयोगी पडणारा निवाडा देसायांच्या भांडणातून मिळावा, यात थोडी गंमत आहे.)

मग सातबाऱ्यावरच्या "नवीन अविभाज्य शर्त" या शब्दांचे काय? या शब्दांनी अनेकांना फसवले आहे. १९५८ च्या कायद्याने अट घातली ती जमीन प्रत्यक्ष सरहद्दी पाडून वाटण्यावर: कलेक्टरची पूर्वपरवानगी आणि ठरलेली रक्कम हवी. हिस्सा असणे वेगळे आणि बांध घालणे वेगळे. "वाटप होत नाही म्हणून तुझा हक्कच नाही" असे कोणी म्हणाले तर ते खोटे आहे.

खरे अवघड भांडण निराळेच असते. वाटणी तक्षिमेने की डोईप्रमाणे? आठ एकराच्या चार तक्षिमा म्हणजे दर तक्षिमेला चार आणे, दोन एकर. एका तक्षिमेत एकच वारस, त्याला दोन एकर; दुसरीत तिघे भाऊ, त्यांना प्रत्येकी एक आणा चार पै, सत्तावीस गुंठेही भरत नाहीत. तिघांना हा अन्याय वाटतो आणि त्यांची तळमळ मला समजते, पण वारसाहक्क शाखेशाखेने उतरतो. म्हणून वंशावळ आणि वतनाचे जुने दप्तर हाच पुरावा. तुकडेबंदीचा १९४७ चा कायदा आड येत असेल तर लहान हिस्सेदाराला जमिनीऐवजी पैसे पत्करावे लागतात.

आणि बहिणी? १८८६ च्या दुरुस्तीने वतनाच्या वारसात, शेवटच्या वतनदाराची विधवा सोडता, बायकांना पुरुष वारसांच्या मागे ढकलले होते. ती सवय अजून जात नाही. आमचा एक शिकलेला चुलतभाऊ म्हणाला, "आपण बौद्ध, हिंदू वारसा कायदा आपल्याला कसा?" १९५६ च्या त्या कायद्यात बौद्धांचा स्पष्ट उल्लेख आहे, आणि २००५ च्या दुरुस्तीनंतर मुलीला मुलाइतकाच सहहिस्सा आहे. धर्मांतराचा दाखला बहिणीविरुद्ध काढणारा माणूस मी डोळ्यांनी पाहिला.

दिवाणी कोर्ट प्राथमिक हुकूमनाम्यात फक्त हिस्से ठरवते. साऱ्याच्या जमिनीचे प्रत्यक्ष वाटप कलेक्टरमार्फत, मोजणी करून होते. आमचा हुकूमनामा झाला आहे. मोजणी व्हायची आहे. आत्याचे नाव त्यात तिसऱ्या पानावर आहे. तिने ते पान माझ्याकडून दोनदा वाचून घेतले आणि विचारले, "बांध कुठल्या अंगाला येईल?"